रूळ रुंद झाले तेव्हा : गोंदिया परिसरातील कामगारांच्या फेरशिक्षणाचा इतिहास

गोंदियाहून आमगावकडे जाणाऱ्या रस्त्यावरचे फुलचूर आता शहराला इतके भिडले आहे की नवख्या माणसाला गाव कुठे सुरू झाले हे सांगता येणार नाही. पूर्व विदर्भात रेल्वे, बिडी आणि धान या तीन धंद्यांनी ज्या वस्त्या पोसल्या, त्यांपैकीच गोंदिया आणि त्याच्या वेशीवरची फुलचूरसारखी गावे आहेत. या तिन्ही धंद्यांत गेल्या सव्वाशे वर्षांत कामाची अवजारे पुन्हा पुन्हा बदलली आणि प्रत्येक बदलाच्या वेळी जुन्या कामगारापुढे एकच प्रश्न उभा राहिला : नवे काम शिकायचे तर ते कोण शिकवणार, आणि शिकण्याच्या दिवसांत घर कशावर चालणार. अंगी असलेल्या कौशल्यात भर घालणे म्हणजे कौशल्यवृद्धी आणि एक काम कालबाह्य झाल्यावर त्याच माणसाला दुसऱ्या कामासाठी तयार करणे म्हणजे फेरप्रशिक्षण, असा भेद आजच्या शासकीय परिभाषेत केला जातो. परंतु हे शब्द रूढ होण्याच्या कितीतरी आधी या दोन्ही गोष्टी गोंदियाच्या रेल्वे यार्डात घडत होत्या, आणि यार्डाच्या कुंपणाबाहेर, त्याच गावात, त्याच काळात, घडत नव्हत्या. हा फरक कशामुळे पडला हे पाहण्यासाठी रेल्वेच्या इतिहासापासून सुरुवात करणे सोयीचे आहे.

नागपूरहून पूर्वेकडे, छत्तीसगडच्या धानाच्या मुलखाकडे जाणारा पहिला लोहमार्ग 1880 च्या दशकाच्या आरंभी सरकारने बांधला, आणि तो मीटरगेज होता. म्हणजे त्याच्या दोन रुळांमधील अंतर एक मीटर होते. 1887 साली बंगाल-नागपूर रेल्वे ही कंपनी स्थापन झाली, तिने हा मार्ग ताब्यात घेतला आणि मुंबई-कलकत्त्याच्या दरम्यान अखंड वाहतूक व्हावी म्हणून तो लगोलग ब्रॉडगेज, म्हणजे 1676 मिलिमीटर रुंदीचा केला. रुळांच्या रुंदीतील बदल गोंदियाच्या भूमीने अशा रीतीने एकोणिसाव्या शतकातच एकदा पाहिला होता. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात याच कंपनीने सातपुड्याच्या जंगलात शिरणारे छोटे मार्ग बांधले. गोंदियाहून बालाघाट, नैनपूर आणि पुढे जबलपूरपर्यंतचा मार्ग 1903 ते 1905 या काळात टप्प्याटप्प्याने खुला झाला, तर दक्षिणेकडे नागभीडच्या दिशेने जाणारा मार्ग 1908 च्या सुमारास आला. हे दोन्ही नॅरोगेज होते, म्हणजे रुळांमधील अंतर केवळ 762 मिलिमीटर. डोंगराचे वळण छोट्या गाडीला सहज घेता येते, पूल हलके चालतात आणि खर्च कमी येतो, हे त्यामागचे गणित होते. परिणामी गोंदिया हे दोन गेजांचे जंक्शन झाले, आणि त्यामुळे तिथला कामगारवर्गही दोन प्रकारच्या कामांत विभागला गेला.

वाफेच्या काळात रेल्वेचे शिक्षण शाळेत होत नसे. इंजिन पुसणारा क्लीनर म्हणून भरती झालेला मुलगा काही वर्षांनी फायरमन होई, भट्टीत कोळसा घालता घालता इंजिनाचा स्वभाव ओळखू लागे, मग यार्डात डबे हलवणारा शंटर, त्यानंतर मालगाडीचा ड्रायव्हर, आणि भाग्य असलेच तर प्रवासी गाडीचा. कंपनीच्या राजवटीत या शिडीच्या वरच्या पायऱ्या दीर्घकाळ युरोपियन आणि अँग्लो-इंडियन माणसांसाठी राखल्यासारख्या होत्या. भारतीय माणूस भट्टीपाशी अनुभव मिळवी, परंतु त्या अनुभवाच्या प्रमाणात त्याची पदोन्नती होत नसे. जे ज्ञान त्याच्याजवळ जमा होई ते जवळजवळ सगळे डोळ्यांत, कानांत आणि हातांत असे. काचेच्या नळीतली पाण्याची पातळी पाहून चढ लागण्याआधी बॉयलरमध्ये किती पाणी घ्यायचे, कोळशाचे ढेकूळ किती फोडायचे, धुराच्या रंगावरून भट्टीला हवा कमी पडते आहे की जास्त, हे त्याला कळे. आणि यातले काहीही त्याला लिहून दाखवता आले नाही तरी त्याचे अडत नसे. अशा ज्ञानाचे मोल ते ज्या यंत्राशी बांधलेले असते त्या यंत्राच्या आयुष्याएवढेच असते, ही त्या व्यवस्थेची सर्वांत कमकुवत बाजू होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंजिने एवढ्या संथपणे बदलत होती की ती कोणाला जाणवली नाही.

ती पहिल्यांदा ठळकपणे दिसली ती गोंदियापासून दूर, परंतु याच कंपनीच्या खरगपूर येथील कारखान्यात. 1926 साली सर व्हिन्सेंट रेव्हन यांच्या अध्यक्षतेखालील समितीने भारतातील रेल्वे कारखान्यांची पाहणी करून नवी यंत्रे, कामाची नवी मांडणी आणि दुरुस्तीचा वेळ कमी करण्याच्या पद्धती सुचवल्या. अभियांत्रिकीच्या दृष्टीने त्या सूचनांत पुष्कळ तथ्य होते. परंतु त्या अमलात आणताना कंपनीने जे केले त्यात जुन्या कारागिराला नव्या यंत्रावर बसवण्याचा विचार नव्हता; कामगार कमी लागतील म्हणून कामगार कमी करायचे, एवढाच हिशेब होता. 1927 साली खरगपुरात कपातीच्या नोटिसा लागल्या आणि संप, टाळेबंदी अशा घटनांनी ते वर्ष गाजले. पुढे भारताचे राष्ट्रपती झालेले व्ही. व्ही. गिरी हे त्या लढ्याच्या नेत्यांपैकी एक होते. त्या संघर्षाकडे साधारणपणे वेतन आणि नोकरी यांचा लढा म्हणून पाहिले जाते, आणि ते योग्यच आहे. पण त्याच्या मुळाशी असलेली गोष्ट अशी की यंत्र बदलले तर माणूसही बदलायचा, हे मालकाने गृहीत धरले होते, आणि त्याच माणसाला नवे यंत्र शिकवता येते ही शक्यता दोन्ही बाजूंच्या वाटाघाटींत जवळजवळ आलीच नाही.

1944 साली बंगाल-नागपूर रेल्वे सरकारकडे आली; 1955 पासून गोंदियाचा प्रदेश दक्षिण-पूर्व रेल्वेत आणि 2003 पासून बिलासपूर मुख्यालय असलेल्या दक्षिण-पूर्व मध्य रेल्वेत मोडू लागला. पाट्या बदलल्या त्यापेक्षा महत्त्वाचा बदल कामगाराच्या दर्जात झाला. कायम सेवेत असलेला रेल्वे कर्मचारी हा आता सरकारी नोकर होता. त्याचे पद रद्द झाले तरी त्याला सहजासहजी काढता येत नव्हते, त्यामुळे त्याला दुसरे काम शिकवणे ही प्रशासनाची गरज बनली. अतिरिक्त ठरलेल्या कर्मचाऱ्याला फेरप्रशिक्षण देऊन दुसऱ्या विभागात सामावून घेण्याचे नियम, दृष्टी कमी झाल्यामुळे गाडी चालवण्यास अपात्र ठरलेल्या ड्रायव्हरला पर्यायी काम देण्याची पद्धत, सुरक्षेशी संबंधित पदांवर ठरावीक वर्षांनी उजळणी प्रशिक्षणाची सक्ती, ही सगळी व्यवस्था याच गरजेतून घडत गेली. नागपूर विभागातील माणसे त्या काळी प्रशिक्षणासाठी सध्याच्या झारखंडमधील सिनी येथील रेल्वे शाळेत जात. तेथे राहण्याची सोय असे, आणि शिकण्याचे दिवस कामाचे दिवस धरले जात, म्हणजे पगार चालू राहत असे. हा शेवटचा तपशील प्रशासकीय वाटला तरी पुढील सगळ्या इतिहासात तोच निर्णायक ठरला.

याच काळात कारागीर घडवण्याची सार्वजनिक यंत्रणाही उभी राहत होती. 1950 साली केंद्र सरकारने कारागीर प्रशिक्षण योजना सुरू केली आणि तिच्यातून औद्योगिक प्रशिक्षण संस्था, म्हणजे सर्वांच्या तोंडी असलेले आयटीआय, देशभर निघाले. 1961 च्या शिकाऊ उमेदवार कायद्याने मोठ्या आस्थापनांना ठरावीक संख्येने शिकाऊ घेणे आणि त्यांना विद्यावेतन देणे बंधनकारक केले. त्यामुळे फिटर, वेल्डर, वायरमन असे प्रमाणपत्र घेतलेला तरुण रेल्वेच्या दारात येऊ लागला. परंतु ही यंत्रणा नव्याने कामावर येणाऱ्यासाठी होती. चाळिशी ओलांडलेल्या फायरमनसाठी नव्हती. त्याला शिकवण्याचे काम रेल्वेला स्वतःच करावे लागले.

ते काम किती अवघड होते हे डिझेलच्या आगमनाने दाखवून दिले. वाराणसीच्या डिझेल इंजिन कारखान्यातून पहिले इंजिन 1964 साली बाहेर पडले, चित्तरंजनच्या कारखान्याने 1970 च्या दशकाच्या आरंभी वाफेचे इंजिन बनवणे थांबवले, आणि 1990 च्या दशकाच्या मध्यापर्यंत ब्रॉडगेजवरून वाफ निवृत्त झाली. गोंदियातून जाणाऱ्या मुख्य मार्गावर डिझेलपाठोपाठ विजेच्या ताराही आल्या, तर सातपुड्याच्या नॅरोगेजवर बंगाल-नागपूर रेल्वेच्या काळातील वाफेच्या इंजिनांची जागा झेडडीएम वर्गाच्या छोट्या डिझेल इंजिनांनी घेतली. भट्टी नाहीशी होताच फायरमन हे पद अर्थहीन झाले. ज्याची सारी हुशारी आगीशी जोडलेली होती त्याला सहायक ड्रायव्हर म्हणून अशा यंत्रात बसायचे होते ज्यात आग दिसत नाही, धूर हा बिघाडाचा पुरावा असतो आणि शक्तीचे मोजमाप डायलवरच्या काट्यावर वाचावे लागते. वंगण तेलाचा दाब किती, पाण्याचे तापमान किती, चाकांच्या मोटरमध्ये किती विद्युत प्रवाह जातो आहे, हे आकडे वाचून अर्थ लावणे आणि बिघाड झाल्यास पुस्तिकेत दिलेल्या क्रमाने एकेक भाग तपासत जाणे, ही त्याची नवी कामगिरी होती. विजेच्या इंजिनावर तर याहून वेगळे शिक्षण लागे; तारेला टेकणारा पँटोग्राफ केव्हा खाली घ्यायचा आणि ज्या तुकड्यात तारेत वीजच नसते त्या न्यूट्रल सेक्शनमधून सर्किट ब्रेकर उघडून गाडी निव्वळ वेगाने कशी पार न्यायची, हे चुकून चालत नाही.

या टप्प्यावर साक्षरतेचा प्रश्न पुढे आला, आणि तो पुरेशा गांभीर्याने इतिहासात नोंदवला गेलेला नाही. वाफेवर उत्तम असलेला माणूस डिझेलच्या वर्गात मागे पडू शकत होता, आणि त्याचे कारण समज कमी असणे हे नसून पाठ्यपुस्तक हिंदी-इंग्रजीत आणि परीक्षा लेखी असणे हे होते. असे असूनही हे स्थित्यंतर मोठ्या प्रमाणावर यशस्वी झाले, याचे श्रेय वर्गांइतकेच प्रत्यक्ष कामावरील शिक्षणाच्या जुन्या रीतीला द्यावे लागते. रेल्वेत नव्या मार्गावर गाडी नेण्याआधी ड्रायव्हरला जाणत्या ड्रायव्हरबरोबर दिवसा आणि रात्री ठरावीक फेऱ्या करून चढउतार, वळणे आणि सिग्नलांच्या जागा आत्मसात कराव्या लागतात. याला मार्ग शिकणे, रेल्वेच्या बोलीत ‘लर्निंग रोड’ किंवा नुसते ‘एलआर’, म्हणतात. इंजिन शिकण्याच्या बाबतीतही तेच झाले : वर्गात ऐकलेले फूटप्लेटवर, म्हणजे प्रत्यक्ष इंजिनावर, लोको निरीक्षकाच्या देखरेखीखाली, हळूहळू अंगवळणी पडले. ज्याला ते जमले नाही त्याला शेडमध्ये किंवा स्थानकावर दुसरे काम मिळाले. पदाचा मान गेला, पण घरातली चूल विझली नाही.

1992 साली रेल्वेने देशभरातील मार्ग एकाच रुंदीचे करण्याचे धोरण हाती घेतले. गोंदिया-नागभीड-चांदा फोर्ट मार्ग 1990 च्या दशकात ब्रॉडगेज झाला. बालाघाटकडचा तुकडा नव्या शतकाच्या पहिल्या दशकात बदलला. नैनपूर आणि जबलपूरमधील छोटी गाडी 2015 साली बंद झाली आणि 2021 पर्यंत गोंदिया ते जबलपूर हा सलग ब्रॉडगेज मार्ग वाहतुकीस तयार झाला. या रूपांतराची चर्चा बहुधा प्रवासाचा वेळ आणि नव्या गाड्या यांपुरती होते. रुळावर काम करणाऱ्या गँगमनच्या, म्हणजे आजच्या भाषेत ट्रॅकमनच्या, दृष्टीने मात्र तो जवळजवळ नवा धंदा शिकण्याचा प्रसंग होता.

जुन्या मार्गावर रुळांचे तुकडे फिशप्लेट नावाच्या पट्ट्यांनी आणि बोल्टांनी जोडलेले असत. प्रत्येक सांध्यात थोडी फट ठेवलेली असे, कारण उन्हात लोखंड प्रसरण पावते. स्लीपर लाकडाचे किंवा लोखंडाचे असत आणि टोळीतल्या माणसांना ते हातांनी सरकवता येत. सब्बल, बीटर आणि मुकादमाची नजर यांवर मार्ग सरळ राही. नव्या मार्गावर सिमेंट काँक्रीटचे स्लीपर आले, ज्यांचे वजन अडीचशे किलोच्या पुढे असते, आणि कित्येक किलोमीटर सलग वेल्ड केलेले रूळ आले, ज्यांत मधे फटच नसते. अशा रुळात उष्णतेने निर्माण होणारा ताण बाहेर पडण्यास वाव नसल्याने तो रुळाच्या आतच साठतो, आणि खडी सैल पडली असेल तर रूळ एकाएकी बाजूला वाकू शकतो. म्हणून ज्या दिवशी रुळाचे तापमान ठरावीक मर्यादेपलीकडे जाते त्या दिवशी खडी उकरण्याचे काम करायचे नाही, उलट उन्हातली गस्त वाढवायची, हा नियम ट्रॅकमनला शिकावा लागला. विदर्भाच्या मे महिन्यात हवा पंचेचाळीस अंशांना पोचते तेव्हा रूळ हवेपेक्षा कितीतरी अधिक तापलेला असतो. तेव्हा रुळाला लावलेला थर्मामीटर वाचता येणे हे बीटर मारण्याइतकेच महत्त्वाचे कौशल्य ठरले. ताकदीच्या कामाला मोजमापाची जोड मिळाली, हा बदल फार मोठा होता, आणि ज्या माणसांनी तो पेलला त्यांची नावे कोणत्याही उद्घाटनाच्या कोनशिलेवर नाहीत.

स्थानकांवरही असेच घडले. एकेरी मार्गावर दोन गाड्या समोरासमोर येऊ नयेत म्हणून यंत्रातून निघणारा टोकनचा गोळा ड्रायव्हरच्या हाती दिल्याशिवाय गाडी सुटत नसे, आणि केबिनमधला लिव्हरमन अंगाचे वजन टाकून तारांनी जोडलेले सिग्नल पाडत असे. नव्या मार्गावर ही कामे स्टेशनमास्तरच्या टेबलावरील पॅनलच्या बटणांनी होऊ लागली. स्टेशनमास्तरला पॅनल, आणि पॅनल बंद पडल्यास करायची हातची कार्यपद्धती, या दोन्ही शिकाव्या लागल्या; लिव्हरमन आणि केबिनमन यांना पॉइंट्समन म्हणून किंवा अन्यत्र सामावले गेले. नॅरोगेजच्या डब्यांची दुरुस्ती करणारा नागपूरचा मोतीबाग कारखानाही टप्प्याटप्प्याने ब्रॉडगेजच्या कामाकडे वळला. त्याच मोतीबागेत 2002 साली नॅरोगेज संग्रहालय उघडले, त्यामुळे छोट्या गाडीची इंजिने जतन झाली. ती चालवण्याचे आणि दुरुस्त करण्याचे ज्ञान मात्र निवृत्त होणाऱ्या माणसांबरोबर गेले.

येथवरचा इतिहास समाधान देणारा आहे. परंतु गोंदिया हे दोन गेजांचे जंक्शन असल्यामुळे तेथे आणखी एक मोठे काम चाले, आणि त्याचा शेवट असा झाला नाही. छोट्या गाडीने आलेला माल, मग तो बालाघाटकडचे मँगनीज असो, जंगलातले लाकूड असो की धान्याची पोती, ब्रॉडगेजच्या वाघिणीत भरण्यासाठी माणसांच्या डोक्या-खांद्यांवरून हलवावा लागे. मालाच्या या अदलाबदलीला ट्रान्सशिपमेंट म्हणत. ही माणसे यार्डातच राबत, परंतु हमालीची कामे सामान्यतः ठेकेदारामार्फत चालत. रूळ एका रुंदीचे झाले त्या दिवशी हे काम संपले. लिव्हरमन अतिरिक्त ठरला तेव्हा त्याच्या नावाने एक फाइल फिरली. हमाल अतिरिक्त ठरला तेव्हा फाइलच नव्हती, कारण ज्याची नोंद नाही तो अतिरिक्त ठरू शकत नाही. फेरप्रशिक्षणाचा हक्क कौशल्यावरून ठरत नाही, नोकरीच्या स्वरूपावरून ठरतो, हे इथे एकाच फलाटाच्या दोन बाजूंना दिसते.

धानाच्या गिरण्यांत हाच भेद सौम्य रूपात आढळतो. 1958 च्या भातगिरणी उद्योग (नियमन) कायद्याने आणि त्यातील पुढील दुरुस्त्यांनी जुन्या हलरऐवजी सुधारित यंत्रे बसवण्यावर भर दिला. हलरमध्ये दाणा घासला जाऊन कणी फार होते; रबरी रोलांच्या यंत्रात वेगवेगळ्या गतीने फिरणाऱ्या दोन रोलांमधून धान जाते आणि तूस सोलून निघते, मात्र रोलांमधले अंतर धानाच्या जातीप्रमाणे आणि ओलीप्रमाणे सतत जुळवावे लागते. हे शिक्षण यंत्र बसवायला आलेल्या फिटरकडून ऑपरेटरला आणि ऑपरेटरकडून मदतनिसाला मिळत गेले. पुढे रंगावरून दाणे वेगळे करणारे सॉर्टेक्स यंत्र आले, ज्यात कॅमेरा काळा दाणा टिपतो आणि हवेचा झोत तो बाहेर फेकतो. ऑपरेटर पुन्हा शिकला. सुपाने तांदूळ पाखडणाऱ्या आणि निवडणाऱ्या बायकांचे काम त्या यंत्राने घेतले. त्यांना यंत्रापाशी कोणी बोलावले नाही.

नागपुरात कामगाराच्या शिक्षणाच्या या प्रश्नाचा विचार करणारी एक संस्था 1958 पासून होती, हे इथे आवर्जून सांगितले पाहिजे. फोर्ड फाउंडेशनच्या सहकार्याने नेमलेल्या तज्ज्ञांच्या गटाने 1957 साली केलेल्या शिफारशींवरून केंद्रीय कामगार शिक्षण मंडळ स्थापन झाले आणि त्याचे मुख्यालय नागपूरला आले. वर्धा जिल्ह्यातील आर्वीचे कामगार नेते दत्तोपंत ठेंगडी यांचे नाव आता या मंडळाला दिलेले आहे. मंडळाच्या योजनेत तीन स्तर होते. मंडळाने घडवलेले शिक्षणाधिकारी कामगारांतून निवडलेल्यांना कामगार-शिक्षक म्हणून तयार करीत, आणि हे कामगार-शिक्षक आपापल्या कारखान्यात परतून सहकाऱ्यांचे वर्ग घेत. कामगार-शिक्षकाला प्रशिक्षणासाठी मालकाने पगारासह मोकळे सोडावे, अशी त्यात अपेक्षा होती. मंडळाचा भर हातातल्या कसबापेक्षा कामगार कायदे, संघटना, उत्पादकता आणि नागरिकत्व यांवर होता. 1970 च्या दशकाच्या उत्तरार्धात ते ग्रामीण आणि असंघटित कामगारांकडेही वळले. शिकण्याच्या वेळेचा मोबदला हा शिक्षणाचाच भाग आहे, हे तत्त्व या योजनेने कागदावर मान्य केले होते. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने 1974 साली पगारी शैक्षणिक रजेचा करार, क्रमांक 140, संमत केला, त्याचा गाभाही हाच आहे. भारताने त्या कराराला मान्यता दिलेली नाही.

या मान्यतेच्या अभावाचा अर्थ बिडीच्या धंद्यात सर्वांत स्पष्ट होतो. भंडारा आणि गोंदिया (गोंदिया 1999 साली भंडाऱ्यातून वेगळा जिल्हा झाला) या प्रदेशात तेंदूची जंगले होती, माल बाहेर नेणारी रेल्वे होती, आणि धानाचा हंगाम संपल्यावर काम शोधणारे हात होते. त्यामुळे गुजरातेतून आलेल्या व्यापाऱ्यांनी विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात येथे बिडीचे मोठे जाळे उभारले. गोंदियाचे मनोहरभाई पटेल हे त्यांतील सर्वपरिचित नाव. 1958 साली स्थापन झालेल्या गोंदिया शिक्षण संस्थेमुळे ते परिसराच्या शैक्षणिक इतिहासातही आहेत. बिडी वळणे हे कौशल्याचे काम आहे. ओलावलेले पान मापाने कापायचे, त्यात तंबाखू सारखी पसरायची, वळताना टोक निमुळते ठेवायचे, तोंड मुडपायचे आणि धागा बांधायचा, हे दिवसातून शेकडो वेळा एकाच मापाने जमायला कित्येक महिने लागतात. मुले ते आईच्या शेजारी बसून शिकत. मजुरी हजार बिड्यांमागे मिळे, आणि पान-तंबाखू देऊन बिड्या गोळा करणारा सट्टेदार, म्हणजे मधला ठेकेदार, सदोष म्हणून काही बिड्या छाटून टाकी. त्या छाटीची मजुरी बुडे.

1966 च्या बिडी व सिगार कामगार कायद्याने परवाने, कामाच्या अटी आणि छाटीच्या वादांची सोडवणूक यांची तरतूद केली. कारखानदारांनी त्याला आव्हान दिले, परंतु 1974 साली सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. 1976 साली बिडीवर उपकर बसवून कामगार कल्याण निधी उभारण्यात आला आणि त्यातून दवाखाने, घरकुले आणि कामगारांच्या मुलांना शिष्यवृत्त्या मिळू लागल्या. या निधीचे मोल मोठे आहे, आणि पुढच्या पिढीला धंद्याबाहेर काढण्याचे काम त्याने केले. परंतु त्यात एक गृहीतक दडलेले होते : शिकायचे ते मुलांनी, वळणाऱ्याने आयुष्यभर वळतच राहायचे. 2003 च्या तंबाखू नियंत्रण कायद्यानंतर आणि ग्राहकांच्या सवयी बदलल्यानंतर मागणी ओसरू लागली, 2017 साली बिडीवर वस्तू व सेवा कराचा 28 टक्के दर लागला, आणि तेव्हा वळणाऱ्या प्रौढ कामगाराचे काय हा प्रश्न सरकारसमोर आला. त्याच सुमारास केंद्रीय श्रम मंत्रालयाने बिडी कामगारांना पर्यायी रोजगारासाठी कौशल्य प्रशिक्षण देण्याची योजना सुरू केली.

या योजनेकडे रेल्वेच्या अनुभवाच्या उजेडात पाहिले तर तिची अडचण लगेच ध्यानात येते. डिझेल शिकायला सिनीला गेलेला फायरमन परतल्यावर त्याच्यासाठी जागा ठरलेली होती, आणि तो तिथे असेपर्यंत घरी पगार पोचत होता. बिडी वळणारी बाई घरच्या उंबऱ्याशी, स्वयंपाक आणि मुले सांभाळून मधल्या वेळेत वळते. शिलाईच्या किंवा अन्य कोणत्याही वर्गासाठी ती दररोज काही तास बाहेर पडली तर त्या तासांच्या बिड्या बुडतात, सट्टेदाराकडचे तिचे पान-तंबाखू कमी होते, आणि वर्ग संपल्यावर काम मिळेलच याची हमी कोणी देत नाही. तिने वर्ग सोडला तर अहवालात ‘गळती’ अशी नोंद होते. ती अनास्थेने गळलेली नसते, तिने हिशेब केलेला असतो आणि तो बरोबर असतो. म्हणून अशा प्रशिक्षणाची आखणी करताना अभ्यासक्रम कोणता ठेवावा याआधी बुडणाऱ्या मजुरीइतके विद्यावेतन, घराजवळचा आणि तिच्या वेळेचा वर्ग, आणि पुढील कामाची नाव-पत्त्यासह खात्री या तीन गोष्टी ठरवाव्या लागतात. कल्याण निधीसाठी बिडी कामगारांना ओळखपत्रे देण्याची पद्धत असल्यामुळे हमालाच्या बाबतीत जी नोंद कधीच नव्हती ती इथे बऱ्याच अंशी तयार आहे. उपकर मात्र वस्तू व सेवा कर आला तेव्हा 2017 साली रद्द झाला, आणि तेव्हापासून बिडी कामगारांसाठीचा खर्च अर्थसंकल्पातून, दरवर्षीच्या तरतुदीनुसार होतो.